कौपिनेश्वराच्या गावात

ठाणेकरांना पहिलेपणाचा भारी सोस. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून सुटलेली गाडी आमच्याकडेच आली होती, हे आम्ही पाहुण्याला चहाच्या आधी सांगतो. एक पहिलेपण मात्र कुठल्या फलकावर नाही आणि कुठल्या हेरिटेज वॉकमध्ये त्याचा उल्लेख होत नाही. कपडे उतरवून चारचौघांनी एकत्र बसायचं, त्यात चोरटं काही नाही असं मानायचं, ही जी चळवळ पुढे युरोपात नॅचरिझम म्हणून पसरली, तिचा आज माहीत असलेला सर्वांत जुना क्लब १८९१ साली ठाण्याच्या जिल्हा न्यायाधीशानं काढला होता.

चार्ल्स एडवर्ड गॉर्डन क्रॉफर्ड. मंडईवाला क्रॉफर्ड वेगळा, तो आर्थर. हा विधुर होता, मुंबई इलाख्याच्या सिव्हिल सर्व्हिसमधला. संस्थेला त्यानं नाव दिलं ‘फेलोशिप ऑफ द नेकेड ट्रस्ट’. सभासद मोजून तीन: तो स्वतः आणि एका मिशनऱ्याचे दोन मुलगे. जागा माथेरानची. पुढे साहेबाची बदली रत्नागिरीला झाली, मंडळ विस्कटलं आणि १८९४ मध्ये तो वारला. एडवर्ड कार्पेंटर नावाच्या इंग्रज लेखकाला त्यानं पत्रं लिहिली नसती, तर एवढंही आपल्याला कळलं नसतं.

मला हा माणूस आवडतो, हे आधीच सांगून टाकते. कोकणपट्टीच्या उकाड्यात त्या काळचे साहेब कोट, पाटलोण, डोक्यावर टोपी आणि पटकीच्या भीतीनं पोटाला फ्लॅनेलचा पट्टा अशा थाटात वावरत. दिवसभर आरोपीच्या पिंजऱ्यासमोर ‘साहेब’ होऊन बसायचं आणि संध्याकाळी रिकाम्या बंगल्यात परतायचं. अशा माणसाला एक दिवस वाटलं की हे सगळं उतरवून आपण नुसते आपण होऊन बघावं, तर त्यात हसण्यासारखं काय आहे? कार्पेंटरचं पुस्तक १८८९ मध्ये आलं होतं. सुधारणा, म्हणजे सिव्हिलायझेशन, हा माणसाला जडलेला एक रोग आहे आणि तो बरा होऊ शकतो, असं त्याचं म्हणणं. गिरण्यांच्या धुरात वाढलेल्या इंग्लंडला ते पटण्यासारखंच होतं. आपण कुठेतरी चुकलो, मूळचं काहीतरी हरवून बसलो, आणि ते अंगावरच्या थरांखाली अजून शाबूत असेल, ही त्यामागची आशा.

माझं भांडण आहे ते या आशेशी, माणसाशी नाही.

त्या माथेरानचंच बघू. १८५० साली ठाण्याचा कलेक्टर मॅलेट यानं ते ‘शोधून काढलं’. तिथे आधीपासून धनगर आणि ठाकर राहत होते, पण राहणं आणि शोधणं यांत फरक असतो म्हणे. छोटी गाडी आली १९०७ मध्ये. त्याआधी साहेब नेरळहून घोड्यावर नाहीतर पालखीतून वर जायचा आणि पालखी खांद्यावर घेणाऱ्यांच्या अंगावर लंगोटीपलीकडे फारसं काही नसायचं. म्हणजे साहेब जे शोधायला वर चालला होता, ते त्याची पालखी वाहत होतं! पण त्या लंगोटीत निरागसता नव्हती. दुसरा कपडा नव्हता, एवढंच. पायथ्याच्या पट्ट्यात कातकरी खैराचा कात काढून जगत. १८७८ च्या वनकायद्यानं जंगलं राखीव होत गेली, तशी पिढ्यान्‌पिढ्यांची ती कुऱ्हाड गुन्हेगार ठरू लागली. जिल्ह्याच्या ज्या न्यायव्यवस्थेत हे व्हायचं, तिच्या शिरोभागी आपले क्रॉफर्डसाहेब.

आणखी एक तारीख. १९ मार्च १८९१. संमतिवयाचा कायदा त्या दिवशी मंजूर झाला आणि मुलीच्या शरीरसंबंधाच्या संमतीचं वय दहावरून बारावर गेलं. अवघी दोन वर्षं वाढली, तर त्यावरून पुण्या-मुंबईत केवढं रान उठलं. टिळकांसारखे टिळक विरोधात उभे राहिले. दहा वर्षांच्या मुलीचं शरीर नेमकं कुणाचं यावर अख्खा इलाखा भांडत होता, त्याच वर्षी, त्याच इलाख्यातला एक न्यायाधीश झाडीत जाऊन स्वतःच्या शरीरातली निरागसता शोधत होता. त्याला दोष देत नाही. पण हरवलेली निरागसता शोधायला निघणं कुणाला परवडतं, हे या एका वर्षात जेवढं स्वच्छ दिसतं तेवढं क्वचितच दिसत असेल.

कार्पेंटरच्या पुस्तकाचा आणखी एक वाचक होता. १९०९ च्या ‘हिंद स्वराज्य’मध्ये सुधारणेला रोग म्हणताना गांधीजींनी याच पुस्तकाचा दाखला दिला आहे. बारा वर्षांनी, २२ सप्टेंबर १९२१ ला, मदुराईत त्यांनीही कपडे उतरवले आणि उरलेलं आयुष्य पंचावर काढलं. एकच लेखक, दोन वाचक, दोघेही कायदा शिकलेले, दोघांनीही कपडे टाकले. क्रॉफर्डनं ते झाडीआड टाकले, स्वतःला भेटण्यासाठी. गांधींनी ते भर रस्त्यात टाकले, कारण विदेशी कापडाची होळी करा म्हणून सांगितल्यावर लोक विचारत होते, खादी महाग आहे, मग आम्ही घालायचं काय? लंगोटीवर राहा, असं दुसऱ्याला सांगायचं तर आधी स्वतः राहायला हवं. यात स्वतःच्या खऱ्या रूपाचा शोध कुठेच नाही. समोरच्याच्या अंगावर काय आहे याच्याशी मांडलेला तो हिशेब होता. मला विचाराल तर दोघांपैकी अस्सल कपडे उतरवणं हे.

मूळचं, शुद्ध, खरं असं काही खाली दडलेलं आहे या कल्पनेत आणखी एक खोट आहे, आणि ती जर्मनीत बाहेर आली. १९०३ मध्ये हांबुर्गजवळ विवस्त्र राहण्याचं पहिलं उद्यान उघडलं. क्षयानं पोखरलेल्या, सूर्य न दिसणाऱ्या शहरांतल्या लोकांना ऊन हवं होतं, यात गैर काहीच नव्हतं. पण त्याच चळवळीचे प्रचारक हाइन्रिख पुडोर आणि रिचर्ड उंगेविटर हे उघड वंशवादी निघाले. नागडं शरीर दिसलं की निरोगी जोडीदार निवडता येईल आणि वंश शुद्ध राहील, असा उंगेविटरचा युक्तिवाद. शुद्धतेचा ध्यास लागला की माणूस आधी कपडे काढतो आणि मग समोरच्याची मापं घेऊ लागतो. याच्या उलट बर्लिनचा आडोल्फ कोख. हा समाजवादी शिक्षक कामगारांच्या मुलांना आणि बायाबापड्यांना कपड्यांशिवाय व्यायाम शिकवायचा, का, तर कपड्यांवरून कळणारी पायरी पुसली जावी म्हणून. १९३३ मध्ये नाझी आले आणि त्याच्या शाळा बंद पडल्या. दोघांचं नागडेपण दिसायला सारखंच, हेतू मात्र दोन टोकांचे. म्हणून नुसत्या नागडेपणाला मी चांगलंही म्हणायला तयार नाही आणि वाईटही.

आता घरचं बघू. ‘हरवलेली निरागसता’ हा मुळात बायबलमधला हिशेब आहे. आदम आणि हव्वेनं फळ खाल्लं, आपण नागडे आहोत हे त्यांना कळलं आणि बागेतून हकालपट्टी झाली. ज्यांच्या मनात ही गोष्ट मुरलेली आहे त्यांना कपडे म्हणजे पापाची पावती वाटणारच, आणि ते काढले की बागेचं दार पुन्हा उघडेल असंही वाटणार. आपल्याकडे असं दार नाही. आपल्याकडे दर गुरुवारी दत्ताच्या देवळात ‘दिगंबरा दिगंबरा’चा गजर चालतो आणि म्हणणाऱ्या एकाच्याही मनात येत नाही की आपण चक्क ‘दिशा नेसलेल्या’ला हाका मारतोय. शेगावच्या गजानन महाराजांची विवस्त्र तसबीर कितीतरी घरांत देव्हाऱ्यावर असते आणि खाली सून शाळेचा डबा भरत असते. ठाण्याचं ग्रामदैवत कौपिनेश्वर; नावातच कौपीन आहे, म्हणजे लंगोटी. आणि त्याच देवळाच्या नावानं निघणारी पाडव्याची स्वागतयात्रा म्हणजे गावातली सर्वांत नटलेली सकाळ: नऊवारी, नथ, फेटे, बुलेट. कुणालाही यात विसंगती वाटत नाही, आणि ती नाहीच. आपल्याकडे नागडेपण हा आरंभ नाही, शेवट आहे. दिगंबर जैन मुनीला तिथवर पोचायला वर्षानुवर्षांची साधना लागते, एकेक परिग्रह सोडत जावा लागतो, वस्त्र सगळ्यांत शेवटी जातं. ते मूल होणं नव्हे. मुलाजवळ सोडण्यासारखं असतंच काय?

मुलांवरून आठवलं. माझा नातू चार वर्षांचा होईपर्यंत आंघोळ करून तसाच ओल्या अंगानं हॉलभर धावायचा. एक दिवस मोरीच्या दारात थबकला आणि मला म्हणाला, “आजी, तू बाहेर जा. दार लाव.” आमच्या सुनेला जरा हुरहुर लागली, लहानपण गेलं म्हणून. मी त्याचा चेहरा पाहिला होता. त्यावर काही गमावल्याचं चिन्ह नव्हतं, नवीन बूट मिळाल्यावर असते तशी ऐट होती. आपल्याला आपलं असं काहीतरी आहे आणि ते कुणाला दाखवायचं ते आपण ठरवायचं, हे त्याला त्या सकाळी समजलं. याला कुणी निरागसता हरवणं म्हणत असेल तर म्हणो. त्याचा हात कडीपर्यंत पोचत नव्हता, म्हणून मी दार ओढून बाहेर उभी राहिले.

माझ्या वयाच्या बायकांना ही कडी फार उशिरा मिळाली. आमचं बालपण चाळीतल्या दीड खोलीत गेलं, माणसं नऊ. मोरीला दार नव्हतं, आईच्या जुन्या लुगड्याचा पडदा होता. परकर छातीशी बांधून त्यावरच पाणी घ्यायचं, तसंच त्यावर कोरडं चढवायचं आणि आतून ओलं खाली सोडायचं. ही कसरत आम्हाला दहाव्या वर्षी येत होती. स्वतःचं अख्खं शरीर मी पहिल्यांदा पाहिलं ते लग्नानंतर, ब्लॉकमध्ये राहायला आल्यावर, न्हाणीघराच्या आरशात. तोवर ते तुकड्यातुकड्यांनीच माहीत होतं. आजही मुंब्र्यात, कळव्यात, वागळे इस्टेटच्या वस्त्यांत कितीतरी बायका पहाटे उजाडायच्या आत आंघोळ उरकतात, कारण उजेडात आडोसा नसतो. यांना जाऊन सांगायचं की कपड्यांच्या ओझ्यातून मुक्त व्हा? उघड्याशेजारी नागडं गेलं आणि सारी रात हिवानं मेलं, ही म्हण अशा घरांतूनच आलेली असणार.

आणि बाईच्या बाबतीत आपल्या देशात कपडे उतरवणं हे क्रियापद बहुतेक वेळा दुसरंच कुणीतरी चालवतं. त्रावणकोरात नाडार बायकांना छाती झाकण्याचा हक्क मिळावा म्हणून दशकानुदशकं झगडावं लागलं. १८५९ मध्ये राजाज्ञा निघाली तेव्हा कुठे तो पदरात पडला. तिथे उघडं राहणं ही जातीनं घालून दिलेली जागा होती आणि झाकणं हे बंड. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्यात दलित-आदिवासी माणसाचे कपडे बळजबरीनं काढणं, नागवी धिंड काढणं हा गुन्हा वेगळा नमूद करावा लागला. २०१३ मध्ये बाईला विवस्त्र करण्याच्या हेतूनं केलेल्या हल्ल्यासाठी दंड संहितेत नवं कलम घालावं लागलं. ही कलमं उगाच लिहिली जात नाहीत. आणि तरीही, १५ जुलै २००४ ला इंफाळच्या कांगला किल्ल्यासमोर बारा वयस्क बायकांनी स्वतःचे कपडे स्वतः उतरवले, आसाम रायफल्सनं पकडून नेलेल्या थांगजम मनोरमाच्या मृत्यूचा जाब विचारण्यासाठी, आणि त्याच आसाम रायफल्सच्या दारात बंदुकीही गप्प झाल्या. शरीर तेच. धिंडीत ते दुसऱ्याच्या ताब्यात होतं, कांगलासमोर त्यांच्या स्वतःच्या. सगळा प्रश्न इथे येऊन थांबतो, कपड्यावर नाही.

‘अस्सल’पणाचा बाजार तर आता आमच्या दारात आहे. घोडबंदर रोडवरच्या प्रत्येक टॉवरची जाहिरात ‘निसर्गाच्या कुशीत’ असते आणि कुशीतला निसर्ग पोडियमवर कुंडीत असतो. येऊरला जाऊन चुलीवरचं जेवायचं, खाटेवर बसायचं, मातीचा वास घ्यायचा, आणि पाटोणपाड्यातल्या बाईनं भाकरी थापताना फोटोला हसायचं. क्रॉफर्डसाहेब निदान स्वतःचे कपडे काढत होता.

मग यावर बंदी घालावी का? मुळीच नाही. भारतीय न्याय संहितेचं २९६ कलम सार्वजनिक जागी, इतरांना त्रास होईल असं अश्लील कृत्य करण्याबद्दल आहे. शिक्षा तीन महिन्यांपर्यंत कैद, किंवा हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. कुंपणाच्या आत, सज्ञान माणसं, आपखुशीनं कपड्यांशिवाय बसली, पोहली, पत्ते खेळली, तर त्यात ‘सार्वजनिक’ काय आणि ‘त्रास’ कुणाला? नुसतं नग्न चित्र म्हणजे अश्लीलता नव्हे, हे सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये बोरिस बेकरच्या छायाचित्राच्या खटल्यात सांगून टाकलेलं आहे. मराठी माणसानं तर याला दचकूच नये. र. धों. कर्व्यांनी १९२७ मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ काढलं, त्यावर नग्न चित्रं छापली, नग्नतेत ओंगळ काही नाही हे तर्कानं मांडत राहिले, खटले अंगावर घेतले आणि १९५३ मध्ये जाईपर्यंत मासिक चालवलं. १९३४ मध्ये त्यांच्या बाजूनं कोर्टात उभे राहिले ते बाबासाहेब आंबेडकर. कर्व्यांनी निरागसतेची भाषा केली नाही. त्यांचं म्हणणं साधं होतं: झाकल्यानं कुतूहल सडतं, बघितल्यानं विरतं. हा मुद्दा मला क्रॉफर्डच्या स्वप्नापेक्षा कितीतरी भरवशाचा वाटतो, कारण त्यात मागे कुठे परत जायचं नाही. अडचण एवढीच की आज असं ठिकाण कुणी काढलंच, तर पोलिसांच्या आधी सोसायटीचा व्हॉट्सॲप ग्रुप तिथे पोचेल. आणि तिथे जाणारे बहुतेक पुरुष असतील, यावर मी पैज लावायला तयार आहे. बायकांना जिथे रात्री दहा वाजता तलावपाळीवर एकटीनं निवांत बसता येत नाही, तिथे कपड्यांशिवाय बसण्याचं स्वातंत्र्य ही पुढच्या शंभर पायऱ्यांनंतरची पायरी झाली.

मी जाईन का? नाही. मला गरज नाही, कारण आठवड्यातून तीन दिवस मी तिथेच असते.

सकाळची बायकांची बॅच संपली की पोहण्याच्या तलावाच्या कपडे बदलायच्या खोलीत आम्ही पंधरा-वीस जणी असतो, चाळीस ते बहात्तर वयाच्या. शॉवर तीन, त्यातला एक कायम बिघडलेला. पहिल्या महिन्यात मी भिंतीकडे तोंड करून, टॉवेल दातात धरून, चाळीतली ती जुनी कसरत करायचे. हळूहळू ती सुटली. कधी सुटली ते सांगता येणार नाही. पोटावरचे सिझेरियनचे टाके, मांड्यांवरच्या पांढऱ्या रेघा, एकीच्या छातीच्या जागी सपाट वण, हे सगळं रोज समोर असतं आणि त्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. बोलणं चालतं ते मोड आलेल्या मटकीवर, सांधे बदलायच्या खर्चावर, जावयाच्या नोकरीवर. या खोलीला मी निरागस म्हणणार नाही. तिथे केल्या जाणाऱ्या चहाड्या ऐकाल तर तुम्हीही म्हणणार नाही. फक्त तिथे मोजणारा डोळा नसतो.

गेल्या पावसाळ्यात एकदा नवीन आलेल्या एका मुलीनं पिशवीतून मोबाइल काढला. टँकर आला का, एवढंच तिला घरी विचारायचं होतं, आणि फोन तिनं तोंडासमोर उभा धरला. कुणी काही बोललं नाही. पण एका क्षणात खोलीभर टॉवेल वर गेले, पाठी भिंतींकडे वळल्या, बहात्तर वर्षांच्या काकूंनीसुद्धा परकर छातीशी ओढून घेतला. मुलीच्या लक्षात आलं, ती ओशाळली, फोन पिशवीत गेला. त्या दिवशी मटकीचा विषय पुन्हा काही निघाला नाही.